अटिनियन एल्म
अटिनियन एल्म : (इंग्लिश एल्म, लॅ. अल्मस मायनर ‘अटिनिया’, अल्मस प्रोसेरा, कुल–अल्मेसी). फील्ड एल्म या यूरोपीय वृक्षजातीचा रोमन काळापासून लागवडीत असलेला एक वाण. एकोणिसाव्या शतकात व विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात दक्षिण इंग्लंडच्या ग्रामीण भागातील हा सर्वांत परिचित वृक्ष होता. १९७० नंतरच्या दशकात एका कवकजन्य रोगाने त्याचा इतका संहार केला, की पूर्ण वाढलेला वृक्ष ब्रिटनमध्ये आता दुर्मिळ झाला आहे. हा वाण सहसा बियांपासून वाढत नाही. मनुष्याने तो मुळांपासून येणाऱ्या फुटव्यांच्या (मुनव्यांच्या) द्वारे एका देशातून दुसऱ्या देशात नेला व वाढविला. त्यामुळे त्याचे लक्षावधी वृक्ष जननिक दृष्ट्या जवळजवळ एकरूप राहिले. या एकरूपतेमुळेच तो उपयुक्त ठरला व तिच्यामुळेच रोगापुढे निष्प्रभ झाला. लागवडीखालील वनस्पतींच्या इतिहासात या वृक्षाला महत्त्व आहे ते या कारणामुळे.

वर्णन व वर्गीकरण : अल्मस प्रजातीतील जाती उत्तर गोलार्धाच्या समशीतोष्ण प्रदेशांत आढळतात. महाराष्ट्रात सर्वत्र आढळणारा वावळ (होलोप्टेलिया इंटेग्रिफोलिया) हा याच कुलातील वृक्ष असून त्याला इंग्रजीत ‘इंडियन एल्म’ म्हणतात. तथापि त्याची प्रजाती निराळी आहे. वावळाची कागदासारख्या पातळ पंखाची चपटी फळे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना एल्मच्या सपक्ष फळांची कल्पना सहज येईल.

फील्ड एल्म (अल्मस मायनर) ही जाती दक्षिण व मध्य यूरोप आणि लगतच्या आशियाई प्रदेशात पसरलेली आहे. फिलिप मिलर या इंग्लिश उद्यानतज्ञांनी १७६८ मध्ये तिला हे नाव दिले. ही जाती अत्यंत परिवर्तनशील आहे. पानांचा आकार, खरबरीतपणा, फांद्यांची ठेवण व एकंदर घेर यांत स्थलपरत्वे इतके फरक आढळतात, की वनस्पतिशास्त्रज्ञांनी तिच्या अनेक प्रकारांना स्वतंत्र जाती मानून नावे दिली. इंग्लिश एल्मलाही आर. ए. सॉल्झबरी यांनी १७९६ मध्ये अल्मस प्रोसेरा हे जातिनाम दिले व ते दीर्घकाळ प्रचारात राहिले. तथापि हा वृक्ष म्हणजे स्वतंत्र जाती नसून फील्ड एल्मचा लागवडीतील एक वाण आहे, हे मत आता बळावले असून त्यास ‘अटिनिया’ हे वाणनाम दिले जाते.

हा उंच, पानझडी वृक्ष असून अनुकूल जमिनीत ३० मी. वा त्याहून अधिक वाढतो. साल जाड व भेगाळ असते. खोड बरेच वरपर्यंत सरळ जाते व मोठ्या फांद्यांवर पर्णसंभार वेगवेगळ्या ढिगांसारखा दिसतो. पाने साधी, एकाआड एक, दंतुर कडांची व वरच्या बाजूने खरबरीत असतात. पात्याचा तळ देठाच्या दोन बाजूंस असमान असतो व एल्मची ओळख पटविण्यास हे लक्षण उपयोगी पडते. तांबूस फुलांचे झुबके पाने येण्यापूर्वी, हिवाळ्याच्या अखेरीस येतात. परागण वाऱ्यामार्फत होते. फळे चपटी, वाटोळी व सपक्ष असतात, परंतु त्यांतील बी बहुधा वांझ असते. याउलट मुळांवरील कळ्यांपासून मुनवे मात्र विपुल येतात व एका वृक्षाभोवती काही वर्षांतच नव्या झाडांची दाटी होते. केळीची लागवड ज्या तत्त्वावर चालते, त्याच तत्त्वावर हा वृक्षही वाढतो. एकाच मूळ वनस्पतीपासून अशा शाकीय पद्धतीने निर्माण झालेल्या व म्हणून जननिक दृष्ट्या एकरूप असलेल्या संततीस ‘कृंतक’ म्हणतात.

रोमन शेतीतील स्थान : प्राचीन इटलीत द्राक्षवेली जिवंत झाडांवर चढविण्याची पद्धत रूढ होती. महाराष्ट्रात द्राक्षवेलीसाठी मांडव उभारतात. तेथे ते काम ओळीने लावलेल्या झाडांकडून होत असे. अशा बागेस लॅटिनमध्ये ‘आर्बुस्तुम’ म्हणत. या कामासाठी अनेक वृक्ष वापरले जात, पण त्यांत एल्मला विशेष मान होता. त्याची छाटणी कितीही केली तरी तो नव्याने फुटतो, त्याची पाने जनावरांना चारता येतात व तो दीर्घायुषी असतो. झाडांच्या ओळींमधील जमिनीत धान्य घेता येत असल्याने एकाच शेतातून धान्य, द्राक्षे, चारा व जळण अशी चार उत्पन्ने मिळत.

वेल व एल्म यांच्या या सहवासास रोमन लोक ‘विवाह’ म्हणत. व्हर्जिल या कवीने आपल्या जॉर्जिक्स या कृषिविषयक काव्याच्या प्रारंभीच वेली एल्मशी जोडण्याचा उल्लेख केला आहे. ऑव्हिडच्या मेटॅमॉर्फसिस या काव्यातही ही प्रतिमा येते व पुढे सर्व यूरोपीय साहित्यात ती दाम्पत्याचे प्रतीक म्हणून रूढ झाली. कालिदासाच्या अभिज्ञानशाकुंतल नाटकात आम्रवृक्षाला स्वतः वरणारी वनज्योत्स्ना ही वेल ज्यांना ठाऊक आहे, अशा भारतीय वाचकांना ही कल्पना अपरिचित वाटणार नाही. मात्र रोमन शेतकऱ्याच्या दृष्टीने हा विवाह हा काव्यापेक्षा व्यवहाराचा भाग होता व वराची निवड तो पारखून करीत असे.

या निवडीचे सर्वांत तपशीलवार विवेचन कोलुमेला या लेखकाने केले आहे. त्याचा जन्म स्पेनमधील गादेस (आधुनिक काडिझ) येथे झाला. त्याचा काका स्पेनच्या बेटिका प्रांतातील नामांकित शेतकरी होता. स्वतः कोलुमेलाने इटलीत जमिनी कसल्या. इ. स. पहिल्या शतकाच्या मध्यानंतर त्याने लिहिलेल्या डे रे रुस्तिका या बारा खंडांच्या ग्रंथातील पाचव्या खंडात एल्मचे दोन प्रकार सांगितले आहेत : एक गॉलचा, म्हणजेच ‘अटिनियन’, व दुसरा इटलीतील स्थानिक. अटिनियन हे नाव इटलीतील अटिना या प्राचीन नगराशी जोडले जाते. ट्रेमेलियस या पूर्वीच्या लेखकाने अटिनियन एल्मला बी येत नाही असे म्हटले होते. कोलुमेलाने ते खोडून काढले. बी येते, पण क्वचित येते व पानांत झाकलेले राहते, असे त्याचे म्हणणे आहे. तथापि त्यामुळे कोणीही हा एल्म बियांपासून लावीत नाही, सर्वजण मुनवेच लावतात, असेही तो नमूद करतो. हा एल्म स्थानिक एल्मपेक्षा अधिक उंच व जोमदार असून त्याची पाने बैलांना अधिक आवडतात, ती सतत खाणारी जनावरे नंतर दुसऱ्या एल्मच्या पानांना तोंड लावीत नाहीत, असा त्याचा अनुभव आहे. म्हणून शक्य असेल तर सर्व शेतात अटिनियन एल्मच लावावा, अशी त्याची शिफारस आहे. शेतात धान्य घ्यावयाचे असेल, तर झाडांत सुमारे ४० फूट व न घ्यावयाचे असेल, तर सुमारे २० फूट अंतर असावे, असेही त्याने सांगितले आहे. थोरल्या प्लिनीनेही आपल्या ग्रंथात अटिनियन एल्मची उंच वृक्ष म्हणून नोंद केली आहे.

कोलुमेलाच्या या विवेचनात वाणाचा पुढील सर्व इतिहास बीजरूपाने दिसतो. बियांपासून वाढविलेल्या एल्मची रोपे एकसारखी निघत नाहीत. मुनव्यांपासून वाढविलेले झाड मात्र हुबेहूब मातृवृक्षासारखे होते. त्याची उंची, वाढीचा वेग व पानांचे गुण शेतकऱ्यास आधीच ठाऊक असतात. ओळीत लावलेली सर्व झाडे सारखी वाढली, तरच वेलींचा भार ती सारखा पेलतात व छाटणीचे काम सुकर होते. अल्प बीजोत्पादन हा वन्य वृक्षाच्या दृष्टीने मोठाच दोष होय. पण लागवडीत तो शेतकऱ्याच्या पथ्यावर पडला, कारण परसंकराने वाणाचे गुण बिघडण्याची भीती त्यामुळे उरली नाही.

ब्रिटनमधील आगमन : इंग्लिश एल्म ब्रिटनमध्ये स्थानिक की बाहेरून आणलेला, हा प्रश्न दीर्घकाळ वादग्रस्त होता. तो फलदायी बी क्वचितच धरतो, अरण्याच्या आतील भागात फारसा आढळत नाही व शेते, रस्ते आणि वस्त्या यांच्या आसपासच एकवटलेला दिसतो. या कारणांमुळे तो मनुष्याने आणला असावा, अशी शंका अनेकांनी घेतली होती. आर. एच. रिचेन्स यांनी इंग्लंड व यूरोपातील एल्मच्या पानांची मोजमापे घेऊन त्यांचा तौलनिक अभ्यास केला आणि १९८३ मध्ये एल्म हा ग्रंथ प्रसिद्ध केला. इंग्लिश एल्मचे मूळ त्यांनी वायव्य स्पेनमध्ये शोधले. मात्र त्याच्या आगमनाचा काळ त्यांनी रोमन सत्तेच्या पूर्वीचा मानला.

या प्रश्नास निर्णायक वळण २००४ मध्ये मिळाले. माद्रिद येथील लुईस गिल व त्यांच्या सहकाऱ्यांनी डीएनएच्या साहाय्याने इटली, स्पेन, फ्रान्स व ब्रिटन येथील एल्मवृक्षांची तुलना केली व आपले निष्कर्ष नेचर या नियतकालिकात प्रसिद्ध केले. इंग्लिश एल्मचे नमुने परस्परांशी जवळजवळ एकरूप असून तसेच वृक्ष स्पेन व इटली येथेही आहेत, असे त्यांना आढळले. त्यावरून हा वृक्ष म्हणजे कोलुमेलाने वर्णिलेला अटिनियन एल्म होय, रोमन लोकांनी तो इटलीतून स्पेनमध्ये व तेथून ब्रिटनमध्ये द्राक्षवेलींसाठी नेला आणि इंग्लंडमधील असंख्य एल्म म्हणजे दोन हजार वर्षांचे एकच कृंतक आहे, असे त्यांनी प्रतिपादन केले.

या प्रतिपादनातील दोन भाग वेगळे ओळखणे आवश्यक आहे. जननिक एकरूपता व भूमध्य समुद्राच्या प्रदेशाशी असलेला संबंध ही प्रत्यक्ष प्रयोगाने दाखविलेली गोष्ट आहे. द्राक्षवेलींसाठी झालेली आयात हे त्यावरून काढलेले अनुमान आहे. रोमन ब्रिटनमध्ये द्राक्षलागवड होती, यात शंका नाही. प्रोबस (कार. २७६–८२) या सम्राटाने गॉल, स्पेन व ब्रिटन येथील लोकांना द्राक्षवेली लावण्याची मुभा दिल्याचा उल्लेख हिस्टोरिया ऑगस्टा या ग्रंथात आहे आणि नॉर्थॅम्प्टनशरमधील वुलस्टन येथील उत्खननात रोमन काळातील द्राक्षबागेचे चर सापडले आहेत. परंतु हे चर ओळीने लावलेल्या वेलींचे आहेत. ते वृक्षांवर चढविलेल्या वेलींचा पुरावा ठरत नाहीत. चारा, कुंपण व लाकूड यांसाठीही रोमन वसाहतकारांनी हा वृक्ष आणणे संभवनीय आहे.

इंग्लंडमधील प्रसार व उपयोग : रोमन सत्ता गेली, द्राक्षबागाही गेल्या, मुनव्यांवर जगणारा एल्म मात्र टिकून राहिला. सेव्हर्न व टेम्स नद्यांची खोरी आणि दक्षिण-मध्य इंग्लंडचा सखल, सुपीक भाग हे त्याचे मुख्य क्षेत्र बनले. अठराव्या व एकोणिसाव्या शतकांत सामाईक जमिनींची वाटणी होऊन त्यांना कुंपणे घालण्यात आली, तेव्हा त्याच्या प्रसारास मोठी चालना मिळाली. कुंपणात लावलेला एल्म मुळांनी दोन्ही बाजूंस पसरे, मुनव्यांनी रिकाम्या जागा भरून काढी व फारशी निगा न घेताही वाढे. वॉरिकशरमध्ये तर तो इतका माजला, की त्यास ‘वॉरिकशरचे तण’ असे म्हटले जाऊ लागले.

त्याच्या लाकडाचे तंतू एकमेकांत गुंतलेले असल्याने ते सहज चिरत नाही. या गुणामुळे गाड्यांच्या चाकांचे तुंबे व खुर्च्यांच्या बैठका यांसाठी त्याला मागणी असे. सतत पाण्याखाली राहिल्यास ते फार काळ टिकते, म्हणून जहाजांचा तळभाग, बंदरातील खांब व पाण्याचे नळ यांसाठी ते वापरीत. लंडन शहरास पाणी पुरविण्यासाठी १६१३ मध्ये पूर्ण झालेल्या ‘न्यू रिव्हर’ योजनेत एल्मची पोखरलेली खोडे नळ म्हणून पुरण्यात आली होती. एकोणिसाव्या शतकाच्या प्रारंभी ओतीव लोखंडी नळांनी त्यांची जागा घेतली. शवपेट्यांसाठीही सर्वसामान्य लोक एल्मचेच लाकूड वापरीत. जॉन ईव्हलिन यांनी सिल्व्हा (१६६४) या वनविषयक ग्रंथात या लाकडाची उपयुक्तता सविस्तर सांगितली असून ते सतत कोरडे किंवा सतत ओले राहील अशा ठिकाणी विशेष टिकते, असे नमूद केले आहे.

उपयुक्ततेबरोबरच या वृक्षास सांस्कृतिक प्रतिष्ठाही लाभली. जॉन कॉन्स्टेबल या चित्रकाराने सु. १८२१ मध्ये एल्मच्या खोडाचा केलेला अभ्यास प्रसिद्ध आहे. १८५१ च्या लंडन येथील महाप्रदर्शनासाठी हाइड पार्कमध्ये जोसेफ पॅक्स्टन यांनी काचेचा प्रासाद (क्रिस्टल पॅलेस) उभारला, तेव्हा तेथील मोठे एल्म तोडण्यास लोकांनी विरोध केला. शेवटी प्रासादाच्या मध्यभागास उंच कमानदार छप्पर देऊन ते वृक्ष आतच ठेवण्यात आले. वसाहतकारांनी हा वृक्ष ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड व उत्तर अमेरिकेतही नेला.

रोगाची पहिली साथ : पहिल्या महायुद्धाच्या सुमारास फ्रान्स, बेल्जियम व नेदर्लंड्स येथील एल्म उन्हाळ्यातच पाने पिवळी पडून वाळू लागले. महायुद्धातील विषारी वायूंचा हा परिणाम असावा, असाही तर्क त्या वेळी करण्यात आला. खरे कारण डच संशोधक महिलांनी शोधून काढले. योहाना वेस्टरडाइक यांच्या मार्गदर्शनाखाली काम करणाऱ्या बेआ श्वार्त्स यांनी १९२२ मध्ये एक कवक या रोगास कारणीभूत असल्याचे दाखविले व क्रिस्टीन ब्यूसमन यांनी दशकाच्या अखेरीस त्याची निर्विवाद सिद्धता केली. रोगास मिळालेले ‘डच एल्म रोग’ हे नाव त्याच्या उगमस्थानाचे नसून या संशोधनाचे द्योतक आहे.

हे कवक (ऑफिओस्टोमा अल्माय) एल्मच्या सालीत राहणाऱ्या स्कोलिटस प्रजातीच्या भुंगेऱ्यांमार्फत पसरते. मरणोन्मुख एल्मच्या सालीखाली भुंगेरे अंडी घालतात. तेथे वाढलेली नवी पिढी कवकाची चिकट बीजुके अंगावर घेऊन बाहेर पडते व निरोगी एल्मच्या कोवळ्या डहाळ्यांच्या बेचक्यांत साल कुरतडते. त्या जखमेतून कवक वृक्षाच्या जलवाहिन्यांत शिरते. त्याचा प्रसार रोखण्यासाठी वृक्ष आपल्या वाहिन्या डिंकासारख्या पदार्थांनी व कोशिकांच्या वाढींनी बंद करतो. त्यामुळे शेंड्याकडे पाणी पोहोचत नाही व झाड वाळते.

ब्रिटनमध्ये हा रोग १९२७ मध्ये प्रथम आढळला. काही भागांत पुष्कळ झाडे मेली, पण पुढे साथीचा जोर ओसरला व अनेक झाडे पुन्हा सावरली. वनखात्यातील रोगतज्ञ टॉम पीस यांनी १९६० मध्ये सर्व माहितीचा आढावा घेतला. रोगाचे स्वरूप पूर्णतः बदलले नाही, तर पूर्वी वाटलेली आपत्ती ओढवणार नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. उपलब्ध पुराव्यानुसार तो योग्यच होता. परंतु त्यातील अटच पुढे खोटी ठरली.

दुसरी साथ : १९६० नंतरच्या दशकाच्या अखेरीस दक्षिण इंग्लंडमधील एल्म पुन्हा वाळू लागले, तेव्हा प्रारंभी ही जुन्याच रोगाची उचल समजली गेली. क्लाइव्ह ब्रेझियर व जॉन गिब्ज यांनी १९७३ मध्ये दाखवून दिले, की हे कवक पूर्वीपेक्षा निराळे व कितीतरी अधिक आक्रमक असून ते उत्तर अमेरिकेतून आयात केलेल्या रॉक एल्मच्या सालीसह असलेल्या ओंडक्यांतून आले आहे. १९९१ मध्ये ब्रेझियर यांनी त्याचे ऑफिओस्टोमा नोव्हो-अल्माय या स्वतंत्र जातीत वर्गीकरण केले.

या साथीत ब्रिटनमधील सुमारे तीन कोटी एल्मपैकी अडीच कोटींहून अधिक नष्ट झाले. त्यांपैकी फार मोठा भाग इंग्लिश एल्मचा होता. दक्षिण इंग्लंडमधील काही परगण्यांत तर दहा-बारा वर्षांत कुंपणांवरील सर्व मोठे वृक्ष नाहीसे झाले व त्या प्रदेशाचे दृश्यच पालटले. अळीच्या अवस्थेत केवळ एल्मवर उपजीविका करणारे ‘व्हाइट-लेटर हेअरस्ट्रीक’ हे फुलपाखरूही त्यामुळे विरळ झाले.

इंग्लिश एल्मची इतकी मोठी हानी होण्यास तीन गोष्टी कारणीभूत झाल्या. पहिली म्हणजे जननिक एकरूपता. बियांपासून वाढणाऱ्या वृक्षसमूहात प्रत्येक व्यक्ती थोडी निराळी असते व रोगापुढे काही टिकण्याची शक्यता असते. कृंतकात एक वृक्ष बळी पडणारा असेल, तर सर्वच तसे असतात. दुसरी म्हणजे मुळांचे जाळे. ज्या मुनव्यांनी कुंपणे भरून काढली, त्यांच्या जोडलेल्या मुळांतून कवक एका खोडातून दुसऱ्या खोडात, भुंगेऱ्याच्या मदतीविना, सरळ जाऊ शकले. तिसरी म्हणजे भुंगेऱ्यांची आवड; ब्रिटनमधील दुसऱ्या प्रमुख जातीपेक्षा, म्हणजे विच एल्मपेक्षा, ते इंग्लिश एल्म अधिक पसंत करतात.

तथापि केवळ एकरूपतेलाच सर्व दोष देणे बरोबर नाही. विच एल्म व अमेरिकन एल्म या जाती बियांपासून वाढतात व त्यांच्यात भरपूर विविधता आहे. तरीही या रोगाने त्यांचीही प्रचंड हानी केली. ज्या कवकाशी एखाद्या वृक्षाचा पूर्वी कधी संबंध आला नाही, त्यापुढे विविधताही अपुरी पडू शकते. फरक आहे तो साथीनंतरच्या परिस्थितीत. विविधता असलेल्या जातीत जगलेल्या थोड्या वृक्षांपासून पुन्हा निवड करता येते. कृंतकाजवळ निवडीस काहीच उरत नाही.

सद्यःस्थिती : विलक्षण गोष्ट अशी, की इंग्लिश एल्म संख्येने नष्ट झालेला नाही. खोड मेले तरी मुळे बहुधा जिवंत राहतात व त्यांपासून मुनवे येत राहतात. इंग्लंडच्या कुंपणांत आजही एल्मची लक्षावधी कोवळी झाडे आहेत. पण खोड सुमारे १० सेंमी. व्यासाचे झाले, की त्याची साल भुंगेऱ्यांना अंडी घालण्यास योग्य होते, रोग पुन्हा होतो व झाड मरते. मुळांतून पुन्हा फुटवे येतात व हेच चक्र चालू राहते. दुर्मिळ झाला आहे तो वाण नव्हे, तर त्याचे पूर्ण वाढलेले रूप. झुडपाच्या अवस्थेपलीकडे त्याला जाता येत नाही.

मोठे वृक्ष उरले आहेत ते काही विशिष्ट ठिकाणी. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील ब्रायटन हे त्यांतील प्रमुख होय. एका बाजूस समुद्र व दुसऱ्या बाजूस साउथ डाउन्सच्या फारशी झाडी नसलेल्या टेकड्या असल्याने भुंगेऱ्यांचा प्रवेश मर्यादित राहिला. त्याचबरोबर १९७० नंतरच्या दशकापासून रोगट फांद्या व झाडे तातडीने तोडून जाळण्याची मोहीम स्थानिक प्रशासनाने खंड न पडू देता चालविली. एल्मचा राष्ट्रीय संग्रह याच शहरात असून त्यात हजारो वृक्षांचा समावेश आहे. तेथील प्रेस्टन पार्कमधील ‘प्रेस्टन ट्विन्स’ या नावाने प्रसिद्ध असलेले, सुमारे चारशे वर्षांचे मानले जाणारे दोन इंग्लिश एल्म जगातील या वाणाच्या सर्वांत जुन्या वृक्षांत गणले जात. त्यांपैकी एक रोगग्रस्त झाल्याने २०१९ मध्ये तोडावा लागला. ऑस्ट्रेलियात हा रोग पोहोचलेला नाही. त्यामुळे मेलबर्न येथील उद्याने व रस्ते यांवरील एल्मच्या रांगा मूळ भूमीत न उरलेले दृश्य टिकवून आहेत.

प्रतिकारक्षम वाणांची निर्मिती : या वाणास बी क्वचित येत असल्याने नेहमीच्या संकरपद्धतीने त्यात प्रतिकारक्षमता आणणे कठीण आहे. डंडी येथील ॲबर्टे विद्यापीठात २००१ मध्ये इंग्लिश एल्ममध्ये बाह्य जनुके घालण्यात यश आले, परंतु असे वृक्ष लागवडीत आलेले नाहीत. संशोधकांचा भर मुख्यतः अन्य एल्मवर राहिला.

या कामात भारतीय एल्मचा वाटा लक्षणीय आहे. हिमालयात आढळणारा अल्मस वॉलिचियाना हा वृक्ष या रोगास बऱ्याच अंशी दाद देत नाही. तेथील एल्मवर राहणारे कवक ऑफिओस्टोमा हिमाल-अल्माय या नावाने १९९५ मध्ये ब्रेझियर व भारतीय वनरोगतज्ञ एम. डी. मेहरोत्रा यांनी वर्णिले. हे कवक वृक्ष व भुंगेरे यांच्याबरोबर तेथे दीर्घकाळ नांदत असून तेथे मोठी साथ उद्‌भवलेली नाही. डच संशोधक हान्स हेब्रूक हे १९६० मध्ये एल्मच्या शोधार्थ हिमालयात आले होते. नेदर्लंड्समध्ये १९७३ मध्ये प्रसृत झालेल्या ‘लोबेल’, ‘डोडोन्स’ व ‘प्लांटिन’ या वाणांत अल्मस वॉलिचियानाचा अंश आहे. ‘प्लांटिन’पासून मिळालेल्या व १९८९ मध्ये प्रसृत झालेल्या अधिक प्रतिकारक्षम वाणास ‘कोलुमेला’ असे नाव देण्यात आले. हिमालयातील ज्या वृक्षापासून हे गुण मिळाले, तो वृक्ष स्वतः मात्र चाऱ्यासाठी होणाऱ्या अतिरेकी छाटणीमुळे क्षीण झाला असून आंतरराष्ट्रीय निसर्गसंरक्षण संघाने त्याची ‘असुरक्षित’ जातींत गणना केली आहे.

स्पेनमध्ये वेगळा मार्ग स्वीकारण्यात आला. १९८६ मध्ये माद्रिद येथे सुरू झालेल्या कार्यक्रमात देशभरातील फील्ड एल्म गोळा करून त्यांना मुद्दाम रोगाची लागण करण्यात आली व टिकणारे वृक्ष निवडण्यात आले. हजारो झाडांच्या तपासणीनंतर अगदी थोडी उत्तीर्ण झाली. त्यांतून ‘अदेमुझ’ व ‘देहेसा दे अमानिएल’ यांसह सात वाण २०१४ मध्ये नोंदविण्यात आले. इंग्लिश एल्मच्या एकरूपतेचा शोध ज्यांनी लावला, ते लुईस गिल हेच या कार्यक्रमाचे प्रमुख होते. अटिनियन एल्मच्याच जातीत ही प्रतिकारशक्ती सापडली, ही गोष्ट अर्थपूर्ण आहे.

महत्त्व : शाकीय पद्धतीने वाढविलेल्या पिकांवर असा प्रसंग अनेकदा आला आहे. १८४५ नंतरचा आयर्लंडमधील बटाट्याचा दुष्काळ व विसाव्या शतकाच्या मध्यास ‘ग्रोस मिशेल’ या केळीच्या वाणाचा मर रोगाने झालेला ऱ्हास ही त्याची प्रसिद्ध उदाहरणे होत. खानदेशातील केळी, कोकणातील हापूसची कलमे व नासिक परिसरातील द्राक्षे यांची लागवडही याच तत्त्वावर आधारलेली आहे. उत्तम गुण जसेच्या तसे राखण्याचा दुसरा सोपा मार्ग नाही. अटिनियन एल्मच्या इतिहासावरून या पद्धतीचा त्याग करावा असे निष्पन्न होत नाही. कोलुमेलाच्या काळात अटिनियन एल्मशेजारी बियांपासून वाढणारा स्थानिक एल्मही होता व त्याची रोपे कशी तयार करावीत, हेही त्याच ग्रंथात सांगितले आहे. निवडलेल्या वाणाबरोबर त्याचे बीजोत्पन्न आप्तही जतन केले, तरच वाणावर संकट आले असता नवी निवड करता येते. इंग्लंडमध्ये नेलेल्या या वाणाच्या जोडीला तसे आप्त फारसे नव्हते आणि तेथील कुंपणांत आजही उंच न होणारी त्याची झाडे हा त्याचाच परिणाम होय.